चिखल्याची अंडी आणि काकांची तिथी

टेकडी चढून वर आलो आणि वाळवंट थेट समुद्रात उतरलेलं दिसलं. कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरचं हे अभयारण्य मी मिशिगनमध्ये, ॲन आर्बरच्या कॉलेजात वर्गातल्या पडद्यावर पाहिलं होतं. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. इथे का जायचंय, हे आईला फोनवर नीट सांगताही आलं नव्हतं.

सोबत सुलभाकाकू होत्या. मूळच्या नागपूरच्या, निवृत्त डॉक्टर. सुट्टीत मी त्यांच्याकडेच उतरलो होतो. "वाळू बघायला विमानाने आलास होय रे!" त्या हसल्या.

वाटेच्या कडेने दोरी बांधली होती. पलीकडे उघड्या वाळूतच प्लोव्हर (आपल्याकडच्या चिखल्याचा भाऊबंद) अंडी घालतो. राखणीवरच्या बाईंनी मला दुर्बीण दिली. बराच वेळ नुसती वाळूच दिसली. मग त्यातल्या तीन खड्यांची अंडी झाली.

"या पट्ट्यात एवढंच घरटं उरलंय," बाई हळूच म्हणाल्या. "बाकीची कावळ्यांनी खाल्ली. लोकांनी टाकलेल्या खाण्यामागे येतात, मग अंडीही सापडतात."

मी मागे वळलो. काकूंनी वाळूवर कागदी ताट मांडलं होतं. वरणभात, त्यावर उडदाचा वडा. त्या दिवशी काकांची तिथी होती.

"यांना समुद्र फार आवडायचा. आमच्या घरामागे कावळा फिरकतसुद्धा नाही, इथे बघ, आलासुद्धा!"

खरंच, कावळ्याच्याच जातीचा, पण डोमकावळ्यापेक्षा मोठा काळा पक्षी घिरट्या घालत होता.

तिथीचं पान उचला, असं वडीलधाऱ्या माणसाला कसं सांगायचं?

"काकू... तो आधी हा भात खाईल, आणि मग ती अंडी," एवढंच कसंबसं म्हणालो.

काकू दोरीपलीकडे बघत राहिल्या. मग त्यांनी ताट उचलून पदराखाली घ्यावं तसं जॅकेटखाली धरलं. कावळा शिवावा म्हणून आपल्याकडे माणसं विनवण्या करतात. काकू वर बघून म्हणाल्या, "अहो, आज शिवू नका. पुढे जा. इथे लेकरं आहेत."

पक्षी आणखी दोनदा फिरला आणि किनाऱ्याने दूर गेला. वाळूत सांडलेली शितं आम्ही दोघांनी वेचली.

परतताना काकूंनी एकदाच विचारलं, "रागावले नसतील ना रे?"

पक्षी वाचवायचे तर माणसाला काहीतरी सोडावं लागतं, हे मी परीक्षेत सहज लिहिलं होतं. ते सोडणारं माणूस आता माझ्या शेजारी बसून गाडी चालवत होतं.