जमादाराच्या खणातले फ्यूज

सासूबाईंचा पोलिसांवर फार विश्वास होता. आठवलं की अजून माझं डोकं फिरतं.

लातूर नुकतंच जिल्हा झालं होतं आणि पावसानं पाठ फिरवली होती. चाकूरजवळच्या आमच्या गावात आमची आणि चुलत सासऱ्यांची विहीर सामाईक होती. मोटार एकच. एक दिवस त्यांच्या जनावरांसाठी पेरलेल्या कडवळाला पाणी, एक दिवस आमच्या मोसंबीला. ही मोसंबी सासूबाईंची. सासरे गेल्यावर घागरीनं पाणी घालून त्यांनी ती जगवली होती, आणि पोटच्या पोरांपेक्षा झाडांची चौकशी जास्त करायच्या. विहिरीचं पाणी खाली गेलं तसे चुलत सासरे आमच्या पाळीतही मोटार चालू ठेवायला लागले.

"भावकीतली चार माणसं बसवू," मी म्हटलं. पण मी पडले बी. ए. झालेली सून, माझं कोण ऐकतंय! सासूबाईंनी परस्पर ठाण्यातल्या जमादाराला निरोप धाडला. तो आला, त्याला चहा पाजला आणि म्हणाल्या, "साहेब, भाऊजींना जरा दमात घ्या. बाकी कायबी नको."

जमादारानं दोन्ही घरांना दमात घेतलं. मग मोटारीच्या पेटीतले पांढरे फ्यूज ओढून काढले आणि रुमालात बांधले. "आपसात मिटवा अन् मग न्या," म्हणाला आणि सायकलवर टांग टाकून गेला.

मिटतंय कुठलं! चुलत सासरे म्हणाले, "पोलीस तिनं आणला, आता तिनंच मिटवावं." सासूबाई त्यांचं तोंड बघायला तयार नव्हत्या. आठवड्यानं मी त्यांना घेऊन ठाण्यात गेले.

"ह्यो दिवाणी मामला हाय बाई," जमादार म्हणाला. "पाण्याच्या हक्कात आम्हाला पडता येत न्हाई. कोर्टात जा."

"मग फ्यूज कोणत्या हक्कानं काढले?"

सासूबाईंनी माझा पदर ओढला. जमादार हसला. "ते शांततेसाठी. सूनबाई लई शिकलेल्या दिसतात."

भांडण सोडवायचा अधिकार नाही, हे त्याला पाठ होतं. पाणी बंद करायचाही नाही, हे त्याला कोण सांगणार? मी अर्ज लिहून नव्या जिल्ह्याच्या एका कचेरीत नेला, तर तिथं अजून टेबलं उतरवून घेणं चाललं होतं. "ठेवून जा," म्हणाले. ठेवला. पुढं काही नाही.

खरा संताप पुढंच आहे. तसले फ्यूज लातूरच्या दुकानात ढिगानं मिळत होते. मी नवऱ्याला म्हटलं, नवे आणून बसवा. तो दचकलाच. "सरकारनं काढलेत ते. आपण बसवले तर आत टाकतील." चुलत सासऱ्यांनाही तेच वाटत होतं. वर्षभरात दोन्ही घरांचं एकमत झालं ते एवढ्या एका गोष्टीवर.

पोहऱ्यानं शेंदलेलं पाणी माणसांना आणि जनावरांना पुरायचं. झाडांपर्यंत पोचायचं ते नुसतं माती ओली करण्यापुरतं. मोसंबीची पानं वळली, मग गळली. उपसा नसल्यानं विहिरीत मात्र पाणी चढत होतं. सासूबाई रोज काठावर जाऊन ते बघून यायच्या.

उन्हाळा सरता सरता जमादाराची नांदेडकडं बदली झाली. नव्या जमादारानं टेबलाचा खण उघडला तर आत कुठकुठल्या गावचे फ्यूज पडलेले. त्यानं माझ्या नवऱ्याला बोलावून घेतलं आणि म्हणाला, "ह्यातले तुमचे कोणते, ते बघून घ्या."

नवऱ्यानं फ्यूज बसवले. मोटार सुरू झाली, तिचा आवाज ऐकून चुलत सासरेही आले आणि लांबच उभे राहिले. त्यांचंही कडवळ वाळून गेलं होतं, पण त्यांना पुन्हा पेरता येणार होतं. कुणाची पाळी, हे काही कुणी काढलं नाही.

सासूबाई वाळक्या झाडांत बसल्या होत्या. तिथूनच म्हणाल्या, "भाऊजी, पाणी तुमच्याकडं वळवून घ्या. आता रोजच घ्या."