ओवीतली चार नावं

जात्यावर बाया प्रत्येक ओवीत कुणाचं तरी नाव घालतात, भावाचं, लेकाचं. नामांतराच्या दंगलीत आमचं घर जाळलं, तेव्हा माझ्या आत्यानं चार ओव्या रचल्या आणि जाळणाऱ्या चौघांची नावं त्यांत घातली. गावात कुणी साक्ष दिली नाही, ती तिनं दळता दळता दिली. पुढं पुण्याचे एक प्राध्यापक टेपरेकॉर्डर घेऊन आले, तर तिनं मुद्दाम त्याच ओव्या म्हटल्या.

पंधरा वर्षांनी मी परभणीच्या कॉलेजात शिकवत होतो. गॅदरिंगला पोरं पुण्याच्या रॉक बँडच्या नव्या गाण्यावर नाचत होती. गिटार, ड्रम, आणि मधेच आत्याचा आवाज. त्या टेपवरून या दीडशहाण्यांनी तिचा नुसता 'बाई गं' उचलला होता आणि तोच पुन्हा पुन्हा वाजवला होता. नावं येण्याआधी बरोबर कात्री. कॅसेटवर छापलं होतं, 'पारंपरिक'. नाचणाऱ्यांत त्या चौघांपैकी एकाचा पुतण्या होता. घामेजून मला म्हणाला, "सर, लय भारी गाणं हाय."

ती कॅसेट मी आत्याला ऐकवली. तिनं शेवटपर्यंत ऐकली.

"नावं कुटं गेली रं?"

"काढून टाकली."

त्या बँडवर मी आजही थुंकतो. पण हे सगळं लिहून झाल्यावर पुन्हा वाचलं, तर त्या चौघांतल्या एकाचंही नाव मी लिहिलेलं नाही.