लिव्हर ओढली की हूक वर

त्या घरात काहीही बिघडलं की बायकोचं पहिलं वाक्य ठरलेलं असायचं, "भाऊजींना विचारते." भाऊजी म्हणजे तिच्या थोरल्या बहिणीचे यजमान. टेलिफोनच्या कचेरीतून निवृत्त झालेले, कमरेच्या पट्ट्याला चामड्याचं छोटं पाकीट, पाकिटात पाच स्क्रू ड्रायव्हर आणि जिभेवर कायमचे दोन शब्द, "दोन मिनिटं." या घरातला वायफाय त्यांनी लावला होता, टीव्हीचे हरवलेले चॅनेल त्यांनी परत आणले होते, धुलाई यंत्राचा अडकलेला दरवाजाही त्यांनीच उघडला होता. काम झालं की ते दोन्ही हात झटकायचे, फारसं काही झालंच नाही असे. घरच्या माणसाला सगळ्यात जास्त झोंबायचं ते हे हात झटकणं.

घरचा माणूस क्रेन ऑपरेटर होता. टॉवर क्रेन, चौतीस वर्षं. सकाळी लोखंडी शिडीने बेचाळीस मीटर चढायचं, कपाटाएवढ्या केबिनमध्ये बसायचं आणि संध्याकाळी उतरायचं. जेवणाचा डबा दोरीने वर यायचा. दोन हातांत दोन लिव्हर. डावीने क्रेनचा लांब हात फिरवायचा, उजवीने हूक चालवायचा. ओढली की हूक वर, ढकलली की खाली. जमिनीवरचा सिग्नलवाला वॉकीटॉकीवर बोलायचा आणि बाकी साइट त्याचं नाव न घेता त्याला 'वरचे' म्हणायची. सळया कधी उचलायच्या, वारा वाढलाय का, काम थांबवायचं का, सगळ्यावर एकच उत्तर, "वरच्यांना विचारा." इंजिनियरसुद्धा मान वर करून वाट बघायचे.

निवृत्त झाल्यावर त्याला कुणी काही विचारेनासं झालं. घरात विचारायचं असलं की फोन साडूंना जायचा. बरं, साडू माणूस वाईट असते तर सोपं झालं असतं. पण ते हाकेला धावून यायचे, चहा सोडून काही घ्यायचे नाहीत आणि जाताना "तुमची तब्येत काय म्हणते?" असं मनापासून विचारायचे. अशा माणसावर जळायचं म्हणजे ते उघडपणे करता येत नाही. ते मनातल्या मनात, रोज थोडं थोडं करावं लागतं.

दुसऱ्या शहरात नोकरी करणारी मुलगी सुट्टीत आली तेव्हा तिने पाहिलं की बाबा खिडकीत उभं राहून दूरच्या साइटवरची क्रेन बघत बसतात आणि तिच्या ऑपरेटरला नावं ठेवतात. तिने त्याच्या कॉम्प्युटरवर क्रेन चालवायची एक गेम टाकून दिली. ट्रकवरच्या सळया उचला, तिसऱ्या मजल्यावर ठेवा, मग पाण्याची टाकी, मग खिडक्यांच्या चौकटी, एकामागून एक कामं. कीबोर्डवर त्याला ते काही जमेना. हातमोजे घालून सुईत दोरा ओवल्यासारखं होतंय, अशी तक्रार त्याने फोनवर केली. मुलगी म्हणाली, गेमपॅड घ्या, त्याला दोन छोट्या स्टिक असतात, तुमच्या लिव्हरसारख्या.

तो स्वतः दुकानात गेला आणि गेमपॅड घेऊन आला. खोकं टेबलावर ठेवून त्याने बायकोला बजावलं की हे मी लावणार, कुणालाही फोन करायचा नाही.

"मी कुठे काय म्हणाले?" बायको म्हणाली.

पहिल्या दिवशी त्याने नखाएवढा रिसीव्हर कॉम्प्युटरच्या मागे खुपसला. पॅडवरचा दिवा लुकलुकला आणि विझला. सोबतच्या कागदावर मुंगीच्या पायांसारखी अक्षरं होती, सहा भाषांत, त्यातली एकही त्याची नव्हती. दुसऱ्या दिवशी पॅडच्या पाठीवर एक बारीक खटका सापडला. तो सरकवल्यावर दिवा स्थिर राहिला. तपासणीच्या खिडकीत स्टिक हलवली की एक ठिपका इकडून तिकडे पळायचा. तो ठिपका पळवण्यात त्याचा अर्धा तास मजेत गेला. पण गेम उघडून मग पॅड चालू केलं की सगळं ठप्प. पॅड हातात एकदा थरथरायचं आणि गप्प बसायचं. तिसरा दिवस त्याने रिसीव्हर काढण्यात आणि घालण्यात घालवला. बायकोने मधून दोनदा डोकावून पाहिलं आणि परत गेली.

चौथ्या दिवशी तो सकाळी फिरून आला तर दारात साडूंच्या चपला.

साडू त्याच्याच खुर्चीत बसले होते. पडद्यावर क्रेन हलत होती. टेबलावर चहा होता आणि बायकोने पाहुण्यांचे कप काढले होते.

"काही नाही हो, तुम्ही गेम आधी उघडत होता," साडू म्हणाले. "आधी पॅड जोडायचं, दिवा स्थिर झाला की मग गेम. दोन मिनिटांचं काम." आणि त्यांनी हात झटकले.

बायको त्याच्या नजरेला नजर देईना. साडूंनी उठून खुर्ची मोकळी केली आणि आता तुमची कला बघू द्या म्हणाले. त्यांच्या बोलण्यात टोमणा नव्हता, त्यांना खरोखरच बघायचं होतं.

ऑपरेटर बसला. पहिलंच काम, ट्रकवरच्या सळयांचा भारा. हूक भाऱ्यावर टेकला, अडकला. त्याने उजवी स्टिक अंगठ्याने अलगद स्वतःकडे ओढली, चौतीस वर्षं ओढत आला होता तशी. हूक भाऱ्यासकट खाली घुसला, ट्रकचा हौदा फुटला, पॅड त्याच्या हातात थडथडलं आणि पडद्यावर लाल अक्षरं आली. बायकोला हसू आलं. तिने ते लगेच दाबलं, पण आलं ते आलंच.

"सवय होईल," साडू समजुतीने म्हणाले. "नवीन वस्तू आहे."

मग त्यांनी पॅड घेतलं, स्टिक पुढे ढकलली आणि भारा वर गेला. डुलत डुलत, दोनदा भिंतीला घासत, पण तिसऱ्या मजल्यावर पोहोचला. सोपं आहे की हो, असंही वर म्हणाले.

चौतीस वर्षांत या माणसाने एक वीट पाडली नव्हती. काय झालं ते त्याला त्याच क्षणी कळलं होतं. गेम बनवणाऱ्यांनी हूकची चाल उलटी ठेवली होती, ढकललं की वर. पण ते आता सांगितलं असतं तर सबब वाटली असती. आणि समजा खरं वाटलं असतं, तर साडूंनी पाकिटाकडे हात नेला असता आणि म्हणाले असते, दोन मिनिटं. त्याने चहा प्यायला.

पुढचे तीन आठवडे तो दुपारी, बायको पडली की, गेमच्या सेटिंगची पानं उलगडत बसे. आवाज, उजेड, सावल्या, भाषा. कुणाला काही विचारायचं नाही हे ठरलेलं. मुलीलासुद्धा नाही, कारण मुलगी "काकांना विचारलंत का?" म्हणाली असती. अखेर एका शनिवारी पाचव्या पानावर तळाशी चार बारीक चौकोन सापडले. पहिल्यावर खूण केली तर क्रेन डावीकडे म्हटलं की उजवीकडे वळू लागली. ती पुसली. दुसऱ्यावर खूण करणं, गेममध्ये परत जाणं, स्टिक ओढणं, हे सगळं त्याने श्वास धरून केलं. हूक वर आला.

मग त्याने भारा उचलला. भारा झुलू लागला तसा क्रेनचा हात त्याच्याच दिशेने किंचित नेऊन त्याने झोका मारला, म्हणजे झुलणं जागीच थांबवलं, जे नवख्यांना कधीच जमत नाही, आणि सळया तिसऱ्या मजल्यावर टेकवल्या. पॅड थरथरलंसुद्धा नाही. खोलीत बघायला कुणी नव्हतं. ही एकच उणीव होती, आणि ती भरून काढायची त्याने ठरवलं.

दुसऱ्याच दिवशी, रविवारी, त्याने आपणहून साडूंना बोलावलं. बायकोने चकित होऊन पाहिलं, कारण हे लग्नानंतर पहिल्यांदाच घडत होतं. दोघी बहिणी आतल्या खोलीत बोलत बसल्या तसं त्याने पॅड साडूंच्या हातात दिलं आणि मागच्या वेळी तुम्ही फार छान ठेवला होता भारा, पुन्हा दाखवा, म्हणाला. साडूंनी स्टिक पुढे ढकलली. ट्रक फुटला. त्यांनी पॅड उलटसुलट करून पाहिलं आणि पुन्हा ढकलली. पुन्हा फुटला.

"सवय होईल," ऑपरेटर म्हणाला. "नवीन वस्तू आहे."

 साडू मग सेटिंग बघू का म्हणाले. ते राहू द्या, चहा निवतोय, असं म्हणून त्याने पॅड काढून घेतलं. त्या दिवशी साडूंनी हात झटकले नाहीत. त्याला रात्री उत्तम झोप लागली.

सोमवारी फिरायला निघाल्यावर कोपऱ्यावर त्याच्या लक्षात आलं की चष्मा घरी राहिला. तो परतला. किल्लीने दार उघडलं तर बायको त्याच्या खुर्चीत, मांडीवर पॅड, आणि पडद्यावर फुटलेला ट्रक.

ती दचकली नाही. उलट वैतागलेलीच होती.

"हे उलटं कुणी केलं?"

"तू खेळतेस?"

"तुम्ही फिरायला जाता तेव्हा. अकराव्या कामावर आहे मी. आज सगळंच बिघडलंय."

तो स्वतः सातव्यावर होता. गेममध्ये खेळ जपून ठेवायला तीन खण होते. त्याने पहिला सोडून दुसरा कधी उघडूनही पाहिला नव्हता. ती तीन आठवडे दुसऱ्यात खेळत होती. त्याने विचारलं, कशासाठी. ती म्हणाली, चौतीस वर्षं मी विचारत आले, दिवसभर वर काय करता. तुम्ही म्हणायचात, काही नाही, ओढायचं आणि ढकलायचं. म्हटलं, एकदा बघू तरी.

मग त्याला राहवलं नाही. "म्हणून भाऊजींना बोलावलंस? मला जमत नाही म्हणून?"

"तुमचं चार दिवस चाललं होतं," बायको म्हणाली. "मला खेळायचं होतं."

"मग मला सांगायचं ना."

"सांगितलं असतं तर शेजारी बसून चुका काढल्या असत्यात."

 तिने टेबलावरच्या फोनकडे हात नेला. "थांबा, भाऊजींना विचारते, परत सरळ कसं करायचं."

फोन तिच्या हातात आला. याच वाक्यासाठी त्याने खोकं आणलं होतं, तीन आठवडे पानं उलगडली होती आणि एका भल्या माणसाला त्याच्या तोंडावर खोटं पाडलं होतं. आणि वाक्य होतं तिथेच होतं.

"नको," तो म्हणाला. "मीच केलंय ते उलटं."

"तुम्ही?"

"खरी क्रेन अशीच असते. ओढली की वर. काल भाऊजींचा ट्रक फुटला तो त्यामुळेच."

बायकोने फोन खाली ठेवला. काल चहाच्या वेळी भाऊजी गप्प का होते ते आत्ता तिला उमगलं असावं, कारण तिने त्याच्याकडे एकदा नीट बघितलं. मग खुर्ची थोडी सरकवली. त्याने वाकून पाचवं पान काढलं आणि दुसऱ्या चौकोनातली खूण पुसली. तिने स्टिक ढकलली. हूक वर गेला. अकरावं काम म्हणजे काचेची तावदानं होती. तावदानं वाऱ्यात झुलत होती, बायकोला झोका मारता येत नव्हता, आणि तो मागे उभा राहून एक शब्द बोलला नाही. फक्त त्याचा उजवा हात स्वतःच्या शर्टाची कड धरून हळूहळू मागे ओढत होता.

त्या दिवसापासून हे कामच होऊन बसलं. फिरायला जाण्याआधी तो पाचव्या पानावर जाऊन खूण पुसायचा, आल्यावर पुन्हा करायचा. तिची चाल ढकलण्याची, त्याची ओढण्याची. "माझं करून ठेवलंत?" असं ती दार लावताना, गॅस बंद केला का विचारावं तसं विचारायची. तो करून ठेवायचा. ती चौदाव्यावर गेली, तो नवव्यावर होता. ते त्याला थोडं लागायचंच, पण साडूंचं लागायचं त्यापेक्षा कमी.

महिन्याभराने साडू आले. पॅड टेबलावर होतं आणि बोलता बोलता बायकोच्या तोंडून ही रोजची उलटापालट निघाली. साडू हसले.

"अहो, त्याला रोज कशाला खटपट? दोन प्रोफाइल ठेवा. एक तुमचं, एक मेहुणीबाईंचं. एक बटण दाबलं की झालं. आणा इकडे, दोन मिनिटं." त्यांचा हात पॅडकडे गेलासुद्धा.

बायको कपात चहा ओतत होती. तिने मान वर केली नाही.

"राहू द्या भाऊजी. ते काम हे बघतात."

साडूंनी हात मागे घेतला आणि कप उचलला. ऑपरेटरने खिडकीबाहेर बघितलं, कारण चेहऱ्यावर काय दिसतंय याची त्याला खात्री नव्हती.

ते गेल्यावर त्याने गेम उघडली. पाचव्या पानाच्या अगदी वरच्या कोपऱ्यात, इतके दिवस नजर चुकवून, प्रोफाइलची ओळ होती. साडूंचं बरोबर होतं. एक बटण दाबलं की झालं, पुन्हा कुणी कुणाला विचारायची गरज नाही. त्याने ती ओळ दोनदा वाचली आणि पान मिटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी बूट घालून तो कॉम्प्युटरसमोर बसला. स्वयंपाकघरातून बायकोने विचारलं, झालं का माझं.

"दोन मिनिटं," तो म्हणाला, आणि सावकाश पहिल्या पानापासून सुरुवात केली.