पाठकोऱ्या कागदांचा गठ्ठा

आमचे हे लेखक होते. अभिमानाने सांगतेय असं समजू नका, नुसती माहिती देतेय. लग्नाआधी यांची एक कादंबरी आली होती. गिरगावातल्या आमच्या चाळीत ती या घरातून त्या घरात फिरली आणि तेवढ्यावर भुलून मी लालबागला नांदायला आले. आल्या आल्या गिरण्यांच्या भोंग्यांनी जीव नकोसा झाला. पण सांगते कुणाला?

कादंबरीवर घर चालेना, म्हणून हे सिनेमाच्या गोष्टी लिहायला लागले. सकाळी डबा घेऊन परळच्या स्टुडिओत जायचे. यांनी गोष्ट लिहायची, निर्मात्याने तीत नाच घालायचा. यांनी नायिकेला मारायचं, त्याने तिला जिवंत करायचं. घरी येऊन म्हणायचे, "आज माझी मेलेली नायिका पुन्हा बोहल्यावर चढली." मी हसायचे. हे हसायचे नाहीत.

मग एके दिवशी यांनी दुसरी कादंबरी लिहायला घेतली. "हिच्यात कुणी नाच घालणार नाही," म्हणाले. त्या वर्षात माणूस जरा माणसात आला. जेवताना बोलायला लागला, भाजीला नावं ठेवायला लागला. मला बरं वाटायचं हो, खोटं कशाला बोलू!

ते दिवस संयुक्त महाराष्ट्राचे होते. आमची अख्खी चाळ चळवळीत. आमची खोली जिन्याच्या तोंडाशी, म्हणून वाटायची पत्रकं आमच्याच पलंगाखाली ठेवायची, असं ठरलेलं. पत्रकावर मुंबई आपली कशी आणि का ते छापलेलं, तारीखबिरीख काही नाही, मागची बाजू कोरी. आता कोरी बाजू दिसल्यावर हे गप्प बसतात होय? जरा डागाळलेली, वाकडी छापलेली पत्रकं काढून घ्यायचे आणि मागे लिहायचे. "एका अंगाला महाराष्ट्र, एका अंगाला मी," म्हणायचे. यांची एक खोड होती. अर्धवट लिहिलेलं कुणी वाचलेलं यांना खपायचं नाही, अगदी मीसुद्धा. म्हणून लिहिलेला कागद पालथा ठेवायचा, छापलेली बाजू वर. असा गठ्ठा सुतळीने बांधून पलंगाखाली सरकवलेला असायचा.

त्या दिवशी दुपारी शेजारीण धावत आली. आमच्या चाळीतल्या बायकांचं पथक तिच्या हाताखाली होतं. "वहिनी, पत्रकं द्या पटकन! गिरणी सुटायची वेळ झाली!" माझे दोन्ही हात कणकेत. मी म्हटलं, "अगं, पलंगाखाली बघ. सगळे गठ्ठे ने, एक मागे ठेवू नकोस." वर आणि ओरडून सांगितलं, "सगळे वाटा हं!" मीच मोठी आले होते महाराष्ट्र मिळवून देणारी!

त्या बायकांना मागचं लिखाण दिसलं नाही असं नाही. पण पाठकोऱ्या कागदाचं आमच्यात कुणाला नवल? आम्ही वाण्याची यादीसुद्धा लग्नपत्रिकेच्या पाठीवर करायचो. त्यांना वाटलं, असेल कुणाच्या तरी वहीचा कागद, त्यावरच छापलं असेल.

संध्याकाळी हे आले, हातपाय धुतले आणि पलंगाखाली वाकले. वाकलेलेच राहिले. मी सगळं सांगितलं, काही लपवलं नाही. मला वाटलं ओरडतील, ताट भिरकावतील. निदान ओरडा हो! यांनी नुसतं विचारलं, "सगळे?" मी म्हटलं, "सगळे." यांनी चपला घातल्या. मीही मागोमाग निघाले.

नाक्यावर काही कागद पायाखाली तुडवलेले होते, ते मी पदरात गोळा केले. त्यातला एकही यांचा निघाला नाही. मग गिरणीच्या भिंतीपाशी हे थांबले. पोरांनी खळ लावून ओळीने पत्रकं चिकटवली होती. पातळ कागदातून मागची शाई दिसत होती. यांचंच अक्षर, उलटं. यांनी नखाने एक कोपरा उचलला. तोच मागून आवाज आला, "ए! संयुक्त महाराष्ट्राचा कागद फाडतोस? कुणाचा रे तू?" चारपाच कामगार जमले. मी तोंड उघडणार, तर यांनी माझा हात धरला आणि कोपरा अंगठ्याने दाबून पुन्हा नीट बसवला. "सुटला होता," म्हणाले. ती मागणी यांचीही होती.

शेजारीण रडून रडून अर्धी झाली. बिचारीने गिरणीच्या दारात रोज उभं राहून विचारलं. आठ दिवसांनी मालवणकडचा एक साचेवाला, गिरणीत मागावर काम करणारा, घरी आला, खिशात घडी केलेला एकच कागद. यांच्या हातात देऊन म्हणाला, "मी वाचलंय हां. ती बाई मगे खंय गेली? फुडे काय झालां?"

हे कागदाकडे बघत राहिले. "बघू," म्हणाले. मी चहा केला, तो पिऊन तो गेला.

"पुन्हा लिहा ना," मी म्हटलं. "डोक्यात असेलच की."

"डोक्यातलं कागदावर उतरवलं, गं. आता तिथे काही नाही." आणि तो कागद पालथा करून ट्रंकेत ठेवला.

महाराष्ट्र झाला, तेव्हा लालबागला घरोघर कंदील लागले. गिरणीच्या भिंतीलाही, पत्रकांसकट, चुना मारला. हे पेढा हातात धरून ती भिंत बघत उभे होते. मी म्हटलं, "खा ना." खाल्ला. पुढे यांनी पुष्कळ सिनेमे लिहिले. पडद्यावर नाव मोठ्या अक्षरांत यायचं. कादंबरी नाही लिहिली.

हे गेल्यावर मी ट्रंक उघडली. कागद तसाच पालथा होता. तो सुलटा करायला मला दोन दिवस लागले.

त्यात एक नवी नवरी आहे. गिरगावातून लालबागला आलेली, भोंग्याला विटलेली. नवरा कामावर गेल्यावर ती पिशवी भरते आणि जिन्यात येऊन उभी राहते. अहो, ती मीच! लग्नानंतर तिसऱ्या महिन्यात मी अशी उभी राहिले होते. यांना मी ते कधी सांगितलं नव्हतं. कुणी सांगितलं, कधी कळलं, देव जाणे. कळूनही एका शब्दाने बोलले नाहीत. जे बोलायचं ते कादंबरीत लिहायला घेतलं होतं.

कागद संपतो तिथे तिने एक पाय खालच्या पायरीवर ठेवला आहे.

मी तेव्हा परत वर आले आणि भात टाकला. यांनी तिला परत आणलं की जाऊ दिलं, मला माहीत नाही. ते पुढच्या कागदावर होतं, आणि तो कागद मीच वाटायला दिला.