लिफ्टवाल्या मावशींची गोळी

माझ्या ताईला अख्खं हॉस्पिटल ओळखतं, पण ताईबद्दल अख्ख्या हॉस्पिटलला काही म्हणजे काही माहीत नाही. बावीस वर्षं ती तिथली लिफ्ट चालवते. सकाळी सात ते दुपारी तीन, कोपऱ्यातल्या स्टुलावर. स्ट्रेचर आधी, चाकाची खुर्ची नंतर, फुलं घेऊन आलेले सगळ्यात शेवटी, हा तिचा कायदा. मोठे डॉक्टरसुद्धा "काय मावशी, बरं आहे ना?" असं विचारत चढतात आणि उत्तर यायच्या आत उतरून जातात.

दोन वर्षांपूर्वी तिला हार्ट अटॅक येऊन गेला. हृदय कमजोर झालं. लिफ्टमधून रोज जाणाऱ्या त्यातल्याच एका डॉक्टरांनी तिला रोज सकाळी घ्यायची एक गोळी दिली, अंगात साठलेलं पाणी लघवीवाटे काढणारी. ती घेतली की तासाभरात जावं लागतं आणि मग दुपारपर्यंत तीन-चारदा. लिफ्ट सोडायची तर बदली माणूस हवा, आणि बाथरूमची किल्ली मुकादमाकडे. ताई त्या बाप्याकडे दिवसातून चारदा किल्ली मागणार? मरेन पण मागणार नाही, असं तिचं.

तिनं परस्पर ठरवून टाकलं, गोळी फक्त सुट्टीच्या दिवशी. पाय सुजले की डॉक्टर म्हणायचे, "गोळी कमी पडतेय," आणि डोस वाढवायचे. डोस वाढला की ताईची धास्ती वाढायची. रोग म्हशीला आणि इंजेक्शन पखालीला! मी भांडले, तर तिनं मला स्वतःच्या गळ्याची शपथ घातली, डॉक्टरांजवळ अवाक्षर काढायचं नाही म्हणून. आणि मी मूर्ख, गप्प बसले. तिच्या डोक्याखाली एकाच्या तीन उशा झाल्या तरी गप्प. आडवं झालं की तिला दम लागायचा आणि ती म्हणायची, "मान अवघडते गं."

परवा सकाळी गणवेश चढवता चढवता ती पलंगावर बसली. श्वास आत जाईना. घामानं डबडबली, ओठ निळे पडले, खोकल्यातून गुलाबी फेस आला. मी तिला आडवं करायला गेले तर तिनं माझा हात झटकला. तिचंच बरोबर होतं. अशा वेळी पाय खाली सोडून बसवायचं असतं, हे मला हॉस्पिटलात कळलं.

तिथं घट्ट मास्क लावून जोरानं ऑक्सिजन दिला, शिरेतून लघवीचं औषध दिलं, बीपी उतरवायचं दुसरं चालू केलं आणि नळी घालून पिशवी लावली. अर्ध्या तासात पिशवी भरत आली, तसा तिचा श्वासही जरा खाली बसला.

डॉक्टरांनी मला बाहेर बोलावलं. "हृदयाला रक्त पुढं ढकलता आलं नाही की ते मागं फुफ्फुसात तुंबतं. मग हवेच्या जागी पाणी झिरपतं. कुणाला हे किडनीमुळे होतं, कुणाला इन्फेक्शनमुळे. यांचं हृदयामुळे. गोळी लागूच पडत नाहीये. आता याहून जोरदार देतो."

माझा तोल सुटला. शपथ गेली खड्ड्यात.

"लागू कशी पडेल? पोटात जाईल तेव्हा ना!" मी सगळं सांगून टाकलं, किल्लीसकट. "रोज तिच्या लिफ्टमधून जाता. कधी विचारलंत, मावशी, तुम्ही बाथरूमला कधी जाता?"

डॉक्टरांनी ताईचा औषधांचा कागद काढला. मग म्हणाले, "अहो, ही गोळी सकाळीच घ्यायला पाहिजे असं नाही. दुपारी घरी गेल्यावर घेतली असती तरी चाललं असतं." त्यांनी कागदावर 'सकाळी' खोडलं आणि 'दुपारी' लिहिलं. झालं. दोन वर्षं आम्ही एवढ्यावर अडलो होतो! मी चिडू तरी कुणावर? त्यांच्यावर, ताईवर, की माझ्या थोबाडावर?

संध्याकाळी मास्क निघाला. ताईला बरं वाटेल म्हणून मी तिला लगेच गोळीची नवी वेळ सांगितली.

"तू सांगितलंस? डॉक्टरांना?"

"मग काय, तुला मरू देऊ?"

"बाथरूमचंसुद्धा?" तिच्या डोळ्यांत पाणी आलं. "अगं, आता ते लिफ्टमध्ये चढले की मी कुठं बघू?"

"भिंतीकडे बघ!" मी खेकसले, आणि मलाच रडू फुटलं.