करीमचाचांचं लायसन्स

"तुमच्या अशिलानं लायसन्ससाठी अर्ज केला होता का?" न्यायमूर्तींनी इंग्रजीत विचारलं.

मी फाइल चाळू लागलो. उगाचच. असा अर्ज आम्ही केलाच नव्हता.

अशील म्हणजे करीमचाचा. यवतमाळच्या बाजारात वजनकाटे दुरुस्त करायचे. शेर-छटाक जाऊन किलो आले, तशी काटे दुरुस्त करणाऱ्यांना लायसन्सची सक्ती झाली. वजनमापं खात्याच्या इन्स्पेक्टरनं त्यांचं दुकान बंद करायला लावलं, तेव्हा ते माझ्याकडे आले. माझी वकिली नवी होती. मी थेट नागपूरला हायकोर्टात रिट पिटिशन टाकली. रिट म्हणजे सरकारनं आपला हक्क मोडला, अशी वरच्या कोर्टाकडे केलेली तक्रार. धंदा करणं हा मूलभूत हक्क आहे, यावर मी पानंच्या पानं लिहिली होती. पिटिशन सुनावणीला यायला सात महिने गेले. तोवर दुकानाला कुलूप.

"जे मागितलंच नाही, ते नाकारलं असं कसं म्हणता?" न्यायमूर्ती म्हणाले.

मी लंचपर्यंत वेळ मागून घेतला. चाचा बाहेर व्हरांड्यातल्या बाकावर बसले होते.

"चाचा, पिटिशन मागं घेऊ. लायसन्स मागायची मुभा कोर्टाकडून लिहून घेऊ. नाहीतर फेटाळली जाईल."

"मागं घेतली तं बाजारात काय म्हणतीन? करीमचा काटाच खोटा होता, म्हून पळाला."

"तसं कोणी म्हणणार नाही."

"तुमाले काय मालूम? माह्या बापानं त्याच बाजारात जिंदगी काढली. आता म्या त्या इन्स्पेक्टराले लिहून देऊ, का मले काटा दुरुस्त करता येते म्हून?"

मग मला खरं सांगावंच लागलं. "चूक माझी आहे, चाचा. आधी अर्ज करायला हवा होता. मला हायकोर्टात उभं राहायची घाई झाली होती."

"सात महिने," ते एवढंच म्हणाले. मग पुरसिसवर, म्हणजे कोर्टाला द्यायच्या लेखी निवेदनावर, त्यांनी उर्दूत सही केली.

लंचनंतर दोन मिनिटांत काम आटोपलं. नव्यानं अर्ज करायची मुभा मिळाली.

यवतमाळला परतून आम्ही अर्ज केला आणि इन्स्पेक्टरनं परीक्षा घेतली. एक बिघडलेला काटा समोर ठेवला. चाचांनी दांडी बोटावर तोलली, दांडी जिच्यावर टेकते त्या मधल्या सुरीची झिजलेली धार दाखवली आणि तिथंच घासून दिली. इन्स्पेक्टर उठून उभा राहिला. "एवढं येत होतं, तर कोर्टात कायले गेलते?" त्यानं विचारलं. चाचांनी माझं नाव घेतलं नाही.

महिन्याभरात लायसन्स आलं. पण चाचांकडचं कापसाच्या जिनिंग कारखान्यांतल्या मोठ्या काट्यांचं काम तोवर अमरावतीच्या माणसाकडे गेलं होतं. ते परत आलं नाही. पुढं घराच्या वादात चाचांनी दुसरा वकील केला. भेटले की सलाम मात्र करायचे.

ज्युनिअरांना मी एवढंच सांगतो, नागपूरचं तिकीट काढण्याआधी जिल्ह्याच्या ऑफिसात जाऊन या. तिथं पायी जाता येतं.