वैनगंगेत पडलेली चावी

रुमाल झटकला आणि स्कूटरची चावी वैनगंगेत गेली.

डोंगा मधल्या धारेत होता. दोन डोंगे शेजारी बांधून वर फळ्या टाकलेल्या, त्यावर स्कूटर आडवी उभी, आणि तिला धरून मी. उन्हाने घाम आला म्हणून रुमाल काढला. चावी त्याच्याच गाठीत बांधली होती, हे चावी पडल्यावर आठवलं.

ही गोष्ट एकोणीसशे पन्नासच्या दशकाच्या शेवटीशेवटीची. चंद्रपूरला तेव्हा चांदा म्हणत आणि गडचिरोली हा चांद्याचाच एक तालुका होता. मी अमरावतीचा, गुरांचा डॉक्टर म्हणून नवीनच लागलेला. धानोऱ्याच्या वाटेवरच्या एका गावात बुळकांडी शिरल्याची चिठ्ठी आली होती. बुळकांडी म्हणजे गुरांची महामारी. आधी ताप चढतो, मग तोंडात फोड येतात, मग जुलाब लागतात आणि आठवड्याभरात जनावर जातं. औषध नव्हतं. लस होती, पण ती निरोगी जनावरालाच उपयोगी. ताप चढल्यावर टोचून फायदा नाही. म्हणजे एकेका दिवसाला किंमत होती.

लस यायची काचेच्या बारीक कुप्यांत, वाळवलेली. ती थंडच ठेवावी लागे. पहाटे चांद्याच्या कारखान्यातून बर्फ आणून थर्मासमध्ये भरला, त्यात कुप्या ठेवल्या. जीप बिघडलेली होती. तेव्हा आमच्या साहेबांनी मन घट्ट करून स्वतःची नवी स्कूटर दिली. सगळ्या चांद्यात तेव्हा अशा दोन-तीनच असतील.

"ओरखडा येता कामा नये," साहेब म्हणाले. "आणि चावी गाडीला लावून ठेवू नका. लोक हात लावतात."

म्हणून मी ती डोंग्यावरसुद्धा काढून घेतली होती. नदीच्या मध्यावर स्कूटर कोण चोरणार होतं, कोण जाणे.

डोंगा भिवाभाऊंचा. चाळिशीचा, काटक ढिवर, म्हणजे मासेमारी करणारा नावाडी. त्यांनी बांबू टेकवून डोंगा थांबवला आणि न विचारता पाण्यात उडी घेतली. तीनदा बुडी मारली.

"गाळ हाय खाली," वर येऊन ते म्हणाले. "चावी नाई सापडत साहेब. चला पल्याड."

पलीकडच्या रेतीवर स्कूटर उतरवली. किक मारून पाहिली, वीस-पंचवीस तरी मारल्या. इंजिन फुसफुसायचं आणि गप्प व्हायचं. हत्यारांची डबी होती, पण तिलाही कुलूप आणि त्याची चावीही तीच.

भिवाभाऊ बाजूला उकिडवे बसून पाहत होते. "मी पाहू का साहेब?" त्यांनी विचारलं.

"नको, नको. हे वेगळं मशीन आहे," मी म्हणालो. साहेबांचा ओरखडा डोळ्यांपुढे होता.

मी काठाकाठाने पाण्यात हात घालून चावी शोधत राहिलो. धारेत पडलेली चावी काठाला कशी सापडणार? पण माणूस घाबरला की जिथे हात पोचतो तिथेच शोधतो. असा पाऊण तास गेला.

तेवढ्यात भिवाभाऊंची बायको सीताबाई मासळीची टोपली घेऊन आल्या. रेतीवर उन्हात ठेवलेला थर्मास त्यांनी पाहिला.

"ह्यात काय हाय जी?"

"बर्फ. गुरांची लस आहे."

"मंग उन्हात काऊन ठेवला?" त्यांनी हातानेच डोंग्याच्या सावलीत रेती उकरली, ओली रेती लागल्यावर थर्मास गळ्यापर्यंत पुरला आणि वरून ओलं फडकं टाकलं. मी शिकलेला माणूस बघत राहिलो.

"बैलगाडी पाहू का?" भिवाभाऊंनी विचारलं.

बैलगाडीने संध्याकाळ झाली असती. शिवाय रोगाच्या गावात बाहेरचे बैल नेता येत नाहीत, ते रोग घेऊन परततात. दिवसाची एकुलती एक बस निघून गेली होती. मी हे सगळं सांगितलं आणि रेतीवर बसलो. उद्या बर्फ नसेल, परवापर्यंत आणखी गुरांना ताप चढलेला असेल.

"साहेब, एक बोलू?" भिवाभाऊ म्हणाले. "मी पल्टणीत होतो. ब्रह्मदेशात. चार वर्सं फटफट्या दुरुस्त केल्या. आमच्या फटफटीले चावीच नोती."

"मग चालू कशी व्हायची?"

"चावीनं गाडी चालू नाई होत साहेब. चावीनं बंद होते."

मग त्यांनी समजावलं. इंजिनाबरोबर एक लोहचुंबक फिरतो, त्याला मॅग्नेटो म्हणतात. त्यातून वीज तयार होते आणि प्लगमध्ये ठिणगी पडते. चावी बंद असली की ती वीज एका तारेतून गाडीच्या लोखंडात निघून जाते, ठिणगी पडतच नाही. ती तार सोडवली की झालं.

"पण ही गाडी मी पाह्यली नाई कधी," ते म्हणाले. "तार कोनती ते शोधा लागन. एखादवेळेस मोडनही."

साहेबांची नवी स्कूटर. माझी नोकरी सहा महिन्यांची, अजून पक्की व्हायची होती. मी थर्मासकडे पाहिलं.

"खोला," म्हणालो.

दिव्याजवळचं झाकण ढब्बू पैशाने उघडलं. आत स्विचला तीन तारा. माझी औषधांची बॅग उघडली. भिवाभाऊंनी त्यातल्या चिमट्याने एक तार ओढली, मी किक मारली. काही नाही. दुसरी ओढली. भिवाभाऊंनी चुकून कुठेतरी टेकवली तसा हॉर्न ओरडला आणि सीताबाईंनी टोपली टाकली. तिसरी तार स्विचात घट्ट बसलेली. ती शस्त्रक्रियेच्या चाकूने कापली. कापताना पात्याचा ओरखडा झाकणावर उमटला, चांगला बोटभर.

किक मारली. दुसऱ्या किकला इंजिन धडधडलं.

आनंदाच्या भरात मी मोकळी तार बाजूला करायला गेलो आणि खांद्यापर्यंत झटका बसला. सीताबाई पदर तोंडाला लावून हसायला लागल्या.

"बंद करायची असन तं ते तार लोखंडाले टेकवा," भिवाभाऊ म्हणाले. "चिमट्यानं धरा. हातानं नाई."

गावात पोचलो तेव्हा दुपार कलली होती. बर्फाचे बोराएवढे खडे उरले होते, पण कुप्या गार होत्या. गुरं सकाळपासून बांधून ठेवलेली. एकदा पाण्यात कालवली की ही लस तास-दोन तासच टिकते, म्हणून थोडी थोडी कालवत, न थांबता टोचत गेलो. शेवटी एक म्हातारी बाई आपला बैल घेऊन आली. बैलाचे डोळे गळत होते. थर्मामीटर लावलं. ताप होता.

"यालेही टोचा ना डाक्टर."

"बाई, आता उपयोग नाही."

"काल आले असते तं?"

काल मला चिठ्ठीच मिळाली नव्हती. पण तिला काय सांगणार? "काल आलो असतो तर बरं झालं असतं," म्हणालो. तिने मान हलवली आणि बैलाला परत नेलं. तो पाचव्या दिवशी गेला. ताप चढलेली आणखी काही गेली. टोचलेली बहुतेक सगळी वाचली. त्या वर्षी गावात धानाची नांगरणी झाली ती त्यांच्यावरच.

साहेबांनी आधी ओरखडा पाहिला, मग तारा. लेखी खुलासा मागितला. मी दिला. 'विलंबाचे कारण' या रकान्यात मी 'नदी' असं लिहिलं. सरकारी कागदावर ते शोभून दिसलं. साहेबांनी सही केली. पुढे नवी चावी आणि स्विच मुंबईहून येईपर्यंत ते स्वतः चिमट्याने स्कूटर बंद करत असत. भेटायला आलेल्यांना ते मोठ्या ऐटीत दाखवतही.

आता सेवानिवृत्त होऊनही बरीच वर्षं झाली. त्या घाटाला पूल आला, डोंगे गेले. भिवाभाऊ आणि सीताबाईंची पुन्हा एकदाच भेट झाली, तीही धावती. त्या खुलाशात मी त्यांचं नाव लिहिलं नाही, याची अजून लाज वाटते. कारण त्या रकान्यात खरं तर असं लिहायला हवं होतं: गाडी दुरुस्त करणारा माणूस शेजारी बसला होता. त्याने 'पाहू का' म्हणून विचारलं, मी 'नको' म्हणालो. त्यात पाऊण तास गेला.